इलेक्ट्रिक कार घेताय? आधी घरातला बोर्ड उघडून बघा

हिरव्या नंबरप्लेटची गाडी दारात उभी राहिली की पेढे संपायच्या आत शेजारचे काका विचारतात, "काय हो, ही पेटत तर नाही ना?" मोबाईलवर जळणाऱ्या गाडीचा व्हिडिओ पाहिलेला असतो, त्यामुळे त्यांचं काही चुकत नाही. चुकतो तो बहुतेक वेळा मालक. तो बॅटरीला घाबरतो आणि बाकी सगळ्याकडे काणाडोळा करतो.

आधी आकडे बघू. स्वीडनच्या नागरी संरक्षण यंत्रणेच्या २०२२ च्या नोंदींनुसार तिथे इलेक्ट्रिक आणि हायब्रीड गाड्यांमध्ये लाखामागे ३.८ गाड्यांना आग लागली. सगळ्या इंधनांच्या गाड्या एकत्र धरल्या तर हेच प्रमाण लाखामागे ६८ होतं, अर्थात त्यात मुद्दाम पेटवलेल्या गाड्याही आहेत. म्हणजे इलेक्ट्रिक कार पेटणं दुर्मीळच. पण स्वीडनमधल्या घरांचं वायरिंग वेगळं, रस्ते वेगळे, आणि तिथे कुणी पुढच्या खोलीत कापूस भरून ठेवत नाही. आपल्याकडे धोक्याचा क्रम असा लावावा असं माझं मत आहे: आधी भिंतीतली वायर, मग पुराचं पाणी, मग गाडीच्या पोटाला बसलेला मार, आणि बॅटरीतला मूळ दोष सगळ्यात शेवटी. या लेखात याच क्रमाने जास्त जागा दिली आहे.

बॅटरी पेटते म्हणजे नेमकं काय होतं

गाडीच्या तळाशी शेकडो वोल्टचा पॅक असतो आणि त्यात कितीतरी सेल असतात. प्रत्येक सेलमध्ये दोन ध्रुवांच्या मध्ये प्लास्टिकचा अगदी पातळ पडदा असतो, त्याला सेपरेटर म्हणतात. सेलच्या आतलं तापमान ८० ते १२० अंशांपलीकडे गेलं की आतला संरक्षक थर मोडायला लागतो. १३० अंशांच्या आसपास सेपरेटर वितळू लागतो आणि दोन्ही ध्रुव आतल्या आत भिडतात. मग सेल स्वतःच उष्णता तयार करतो, शेजारचा सेल तापवतो, तो त्याच्या शेजारच्याला. याला थर्मल रनअवे म्हणतात. एकदा ही साखळी सुरू झाली की बाहेरची हवा तोडून ती थांबत नाही, कारण उष्णता आतल्या रासायनिक क्रियेतूनच येत असते.

यावरून दोन गोष्टी लक्षात घ्या. परभणी-नांदेडच्या ४४ अंशांच्या उन्हात गाडी उभी राहिली म्हणून ती पेटत नाही. त्या उन्हाने बॅटरीचं आयुष्य कमी होतं, आग लागत नाही. आणि पॅकची बीएमएस, म्हणजे बॅटरीवर नजर ठेवणारी यंत्रणा, तापमान वाढलं की चार्जिंग हळू करते किंवा तोडते. समृद्धी महामार्गावर १२० च्या वेगाने तासभर येऊन भर दुपारी फास्ट चार्जर लावला आणि चार्जिंग रेंगाळलं, तर चार्जर खराब आहे म्हणून भांडू नका. गाडी स्वतःला सांभाळते आहे. चहा घ्या.

गाडी ठरवताना विचारायचं

शोरूममध्ये रंग आणि सनरूफवर अर्धा दिवस जातो. त्यातली दहा मिनिटं या प्रश्नांना द्या.

बॅटरी एलएफपी आहे की एनएमसी? एलएफपी म्हणजे लिथियम आयर्न फॉस्फेट. नेक्सॉन ईव्ही, टियागो ईव्ही, कॉमेट, बीई ६ यांत ती आहे. एनएमसीमध्ये निकेल, मँगनीज आणि कोबाल्ट असतं. ती कमी वजनात जास्त अंतर देते. एक्सयूव्ही ४०० आणि क्रेटा इलेक्ट्रिकमध्ये ती आहे. एलएफपी जास्त तापमानाला तग धरते आणि बिघडली तरी कमी भडकते. मात्र "एलएफपी पेटतच नाही" असं सेल्समन म्हणाला तर मान डोलावू नका. तिच्यातून निघणाऱ्या वायूत हायड्रोजनचं प्रमाण जास्त असतं, आणि बंद गॅरेजमध्ये तो वायू साठला तर स्फोट होऊ शकतो.

गाडी केव्हा बनली? २०२२ च्या मार्च-एप्रिलमध्ये देशात ई-स्कूटर पेटण्याच्या घटना लागोपाठ घडल्या, केंद्र सरकारने चौकशी लावली आणि बॅटरीचे नियम कडक झाले. कारसाठी एआयएस-०३८ आणि दुचाकीसाठी एआयएस-१५६ या सुधारित मानकांचा दुसरा टप्पा ३१ मार्च २०२३ पासून लागू झाला. एक सेल बिघडला तर आतल्या माणसांना बाहेर पडायला निदान पाच मिनिटं मिळावीत आणि त्याआधी गाडीने इशारा द्यावा, ही अपेक्षा त्यातलीच. नवी गाडी घेणाऱ्याला याची काळजी नाही. जुनी घेणाऱ्याने मात्र आरसीवरचा उत्पादनाचा महिना आधी बघावा.

जुन्या गाडीत आणखी तीन गोष्टी तपासा: बॅटरीचा आरोग्य अहवाल, विम्याच्या दाव्यांचा इतिहास, आणि रिकॉल. कोना इलेक्ट्रिकच्या ४५६ गाड्या भारतात २०२० मध्ये बॅटरी तपासणीसाठी परत बोलावल्या होत्या. अमेरिकेत २०२१ मध्ये बोल्ट या गाडीच्या सेलमध्ये उत्पादनाचा दोष सापडला, तेव्हा मालकांना सांगण्यात आलं होतं की गाडी घराबाहेर उभी करा आणि चार्ज ९० टक्क्यांवर थांबवा. असा दोष मालकाला दिसत नाही. चेसिस नंबर अधिकृत सर्व्हिस सेंटरला द्यायचा आणि "या गाडीवर काही रिकॉल बाकी आहे का" हे लेखी विचारायचं. पाण्यात बुडालेली गाडी स्वस्तात मिळाली तरी घेऊ नका, मग ती धुऊनपुसून कितीही चकचकीत केलेली असो.

वायरमन घरी आला की

इथे थोडं थांबा, कारण खरा धोका इथेच आहे.

वायरमन बोर्डाकडे बघतो आणि म्हणतो, "साहेब, याच्यावर गिझर चालतो, एसी चालतो. गाडीला काय होतंय?" गिझर पंधरा-वीस मिनिटांत थर्मोस्टॅटवर बंद होतो. एसीचा कॉम्प्रेसर थांबतो, चालू होतो. गाडीचा ३.३ किलोवॅटचा चार्जर साधारण १४ अँपिअर ओढतो आणि ३० युनिटची बॅटरी भरायला सलग नऊ-दहा तास ओढत राहतो. घरातल्या दुसऱ्या कुठल्याही वस्तूने त्या सॉकेटची अशी परीक्षा कधी घेतलेली नसते.

हिशेब करून बघा. सॉकेटमधला एक स्क्रू सैल आहे आणि तिथे फक्त ०.१ ओहमचा अडथळा तयार झाला. १४ गुणिले १४ गुणिले ०.१, म्हणजे जवळपास २० वॅट. रेडिओवाल्याच्या हातातली कथिल वितळवणारी सोल्डरिंगची कांडी साधारण एवढ्याच वॅटची असते. ती कांडी तुम्ही भिंतीतल्या प्लास्टिकच्या डबीत खोचून रात्रभर चालू ठेवलीय. बोर्डातली एमसीबी, म्हणजे आपोआप पडणारा स्विच, पडत नाही, कारण करंट वाढलेलाच नसतो, आणि एमसीबी फक्त जास्त करंट ओळखते.

लातूरला एका ओळखीच्या घरी असा सॉकेट उघडताना मी पाहिला. बाहेरून फेजच्या भोकाभोवती बारीक तपकिरी कडा, बाकी सगळं ठीक. प्लगची पितळी पिन निळसर-काळी पडलेली. आतल्या वायरचं आवरण इतकं कडक झालं होतं की वाकवल्यावर तुकडे पडले. स्क्रूला पेचकस लावला तर अर्धा आटा सहज फिरला. गाडी मात्र रोज सकाळी १०० टक्के दाखवत होती, म्हणून कुणाला शंकाच आली नव्हती.

तेव्हा वायरमनला हे सांगा, आणि काम चालू असताना तिथे उभे राहा.

मेन बोर्डापासून गाडीपर्यंत स्वतंत्र लाइन, मध्ये एकही जोड नाही. १६ अँपिअरच्या सॉकेटसाठी ४ चौरस मिलिमीटरची तांब्याची वायर. ७.२ किलोवॅटचा वॉलबॉक्स, म्हणजे भिंतीवरचा मोठा चार्जर, बसवणार असाल तर किमान ६ चौरस मिलिमीटरची, आणि मीटर गेटजवळ व शेड मागे असं लांब अंतर असेल तर १० ची. जुन्या घरातल्या ॲल्युमिनियमच्या वायरला तांब्याचा तुकडा जोडून काम भागवू देऊ नका. दोन धातूंचा जोड कालांतराने सैल होतोच.

या लाइनला स्वतःची एमसीबी हवी, १६ च्या सॉकेटला २० अँपिअरची, ३२ च्या वॉलबॉक्सला ४० ची. सोबत ३० मिलिअँपिअरची आरसीसीबी, म्हणजे करंट जमिनीकडे गळला की वीज तोडणारा स्विच. दुकानदार हाताला येईल ती देतो. तिच्यावर 'टाइप ए' छापलंय का ते बघा. गाडीच्या चार्जरला 'टाइप एसी' चालत नाही. महिन्यातून एकदा तिचं टेस्टचं बटण दाबायचं. पडली पाहिजे.

गावाकडे ओव्हर-अंडर व्होल्टेज कटऑफ लावाच. शेतीपंपांचा फीडर बंद झाला की व्होल्टेज उसळतं, आणि डीपीवरचा न्यूट्रल तुटला तर घरात ३०० च्या पुढे जातं. टीव्ही-फ्रिज जळालेली घरं तुमच्याही गल्लीत असतील. वीज पडून येणारा झटका अडवायला सर्ज प्रोटेक्टरही बसवून घ्या.

एक्स्टेंशन बोर्ड, मल्टीप्लग, खिडकीतून बाहेर सोडलेली फ्लेक्सची वायर, यांतलं काहीही नको. घरातल्या इन्व्हर्टरवर गाडी लावू नका. कंपनीच्या केबलचा प्लग कापून दुसरा बसवू नका. महावितरणकडे अर्ज करून मंजूर भार वाढवून घ्या. चार्जिंग घरगुती मीटरवर चालतं, पण दोन किलोवॅटच्या मंजुरीवर साडेसात किलोवॅट ओढून चालत नाही. आकडा टाकून गाडी चार्ज करणाऱ्यांसाठी मात्र माझ्याकडे काही सल्ला नाही.

अर्थिंग: मे महिन्यातली गोष्ट

चार्जरवर लाल दिवा लागला आणि "ग्राउंड फॉल्ट" दिसलं की दहापैकी आठ जण कंपनीला शिव्या घालतात. आपल्या मराठवाड्यात याचं कारण बहुतेक वेळा जमिनीत असतं. खाली बेसाल्टचा खडक, त्यावर मुरूम, वर काळी माती. पावसाळ्यात काळी माती ओल धरते आणि अर्थिंग छान दाखवते. एप्रिल-मेमध्ये तीच माती भेगाळते, इलेक्ट्रोडपासून सुटते, आणि विजेला जमिनीत जायला वाट उरत नाही. हिवाळ्यात बसवून घेतलेला चार्जर मे महिन्यात कुरकुरू लागला तर आधी अर्थिंगच्या खड्ड्यात पाणी घाला. उन्हाळाभर दर तीन-चार दिवसांनी बादलीभर पाणी त्या खड्ड्याला द्यायचं. पाण्याची टंचाई असली तर भांडी घासलेलं पाणीही चालतं.

गाडीसाठी वेगळा अर्थिंगचा खड्डा घ्या आणि अर्थ टेस्टरने मोजून ५ ओहमच्या आत आणायला सांगा. गाडी चार्जिंगला असताना न्यूट्रल आणि अर्थ यांच्यातलं व्होल्टेज मीटरने बघायला सांगा. दोन-तीन वोल्ट असेल तर हरकत नाही. पाचाच्या वर गेलं तर दुरुस्ती हवी.

आता सगळ्यात घातक जुगाड. अर्थिंग नाही म्हणून चार्जर चालत नाही, तेव्हा कुणीतरी हुशार माणूस प्लगमध्ये न्यूट्रल आणि अर्थ तारेने जोडून देतो. दिवा हिरवा होतो, सगळे खूश. पुढे कधी वाऱ्यात खांबावरचा न्यूट्रल तुटला तर तोच जोड फेजचा दाब गाडीच्या पत्र्यावर आणतो. अनवाणी पायाने, ओल्या अंगणात गाडीचं दार उघडायला गेलेलं पोर डोळ्यांसमोर आणा. चार्जरला फसवणारी असली पिन बाजारात तयारही मिळते. घेऊ नका, आणि वायरमनने बसवली असेल तर काढायला लावा.

गाडी कुठे लावायची

छत्रपती संभाजीनगरच्या छावणी भागात ३ एप्रिल २०२४ च्या पहाटे खालच्या कपड्यांच्या दुकानाला आग लागली आणि वर राहणारे सात जण गुदमरून गेले. आग खाली, माणसं वर, आणि जिना एकच. आपल्या बाजारपेठांतली निम्मी घरं अशी आहेत. कार असो की स्कूटर, खाली येण्याच्या एकमेव वाटेवर चार्जिंग नको. वाड्याची ढाळज, म्हणजे दारालगतची ओसरी, सोयीची वाटते, सावली असते, बोर्डही जवळ असतो. पण बाहेर पडायचं दारही तेच. माळवदाच्या घरात तर वर लाकडी तुळया आणि दांडे असतात, त्यांना धग लागली की काही उरत नाही.

भाव येईपर्यंत कापूस घरातच भरून ठेवणारी घरं जालना, परभणी, बीड पट्ट्यात घरोघरी आहेत. ज्या खोलीत कापूस त्या खोलीच्या भिंतीवर चार्जिंग पॉइंट घेऊ नका, बाहेरच्या बाजूने असला तरी. कडब्याची गंजी, उसाचं पाचट, सोयाबीनचं भुसकट आणि फवारणीची औषधं यांच्यापासूनही गाडी लांब. शेतातल्या आखाड्यावर चार्ज करायची वेळ आली तर गाडी गोठ्यापासून दूर, मोकळ्या जागेत, आणि तिथल्या मोटारीच्या स्टार्टरमधून वायर ओढून नाही.

पत्र्याचं शेड दोन बाजूंनी उघडं असेल तर उत्तम. शहरात तळघरात पार्किंग असेल तर सोसायटीत एक प्रश्न विचारा: स्प्रिंकलर चालू आहेत का? दक्षिण कोरियातल्या इंचॉनमध्ये १ ऑगस्ट २०२४ रोजी तळघरात नुसती उभी असलेली, चार्जिंगला न लावलेली कार पेटली आणि सुमारे १४० गाड्यांचं नुकसान झालं. स्प्रिंकलरची यंत्रणा होती, पण आगीच्या वेळी ती बंद केली गेली होती.

पहिला महिना

पहिल्या काही वेळा तुम्ही जागे असताना चार्ज करा. अर्ध्या तासाने प्लगला हात लावा, पुन्हा दोन तासांनी लावा. कोमट असेल तर चालेल. हात ठेववत नसेल तर एमसीबी पाडा, थंड होऊ द्या आणि वायरमनला बोलवा. बोर्डातून जळकट वास, चरचर आवाज किंवा भोकाभोवती रंग बदललेला दिसला तरी हेच. सगळं ठीक निघालं की मग रात्रीचा टायमर लावायला हरकत नाही, चार्जिंग पहाटे संपेल असा. दर सहा महिन्यांनी बोर्ड बंद करून सगळे स्क्रू आवळून घ्यायचे. हे पाच मिनिटांचं काम आहे, आणि कुणीही करत नाही.

एनएमसीची गाडी रोज ८० टक्क्यांपर्यंत पुरे, लांबच्या प्रवासाआधीच १०० करा. एलएफपीला मधूनमधून १०० करावं लागतं, किती दिवसांनी ते गाडीच्या पुस्तकात असतं. दोन महिने पुण्याला मुलाकडे जाणार असाल तर गाडी भरून ठेवू नका. अर्ध्यावर ठेवा आणि प्लग काढा.

उंदीर आणि घुशी वायर कुरतडतात. गोठ्याशेजारी गाडी लागत असेल तर महिन्यातून एकदा बॉनेट उघडून बघा. नारिंगी आवरणाची वायर म्हणजे जास्त दाबाची. ती सोललेली दिसली तर हात न लावता सर्व्हिस सेंटरला फोन. गल्लीतल्या दुकानातून जादा हॉर्न, लाइट, म्युझिक सिस्टीम बसवून घेण्याचा मोह आवरा. १२ वोल्टच्या वायरमध्ये केलेली अशी जोडाजोड पेट्रोलच्या गाड्याही जाळते.

पाऊस, पूर आणि वीज

मराठवाडा म्हणजे दुष्काळ असं बाहेरचे समजतात. २०२५ च्या सप्टेंबरात बीड, धाराशिव, लातूर, नांदेडमध्ये नद्यांनी शेतं आणि घरं कशी वाहून नेली ते आपण पाहिलं. त्यामुळे हा भाग वरवर वाचू नका.

पॅकवर आयपी६७ लिहिलेलं असतं. म्हणजे एक मीटर स्थिर पाण्यात अर्धा तास राहिला तरी पाणी आत जाऊ नये. ही प्रयोगशाळेतल्या नव्या पॅकची कसोटी आहे. ओढ्यावरच्या नळकांडी पुलावरून वाहतं पाणी, त्यात गाळ, आणि तुमचा तीन वर्षं वापरलेला पॅक यांना ते प्रमाणपत्र लागू नाही. पुलावरून पाणी वाहत असेल तर गाडी थांबवा. बुडणं तर पुढची गोष्ट, आधी ती वाहून जाईल.

अंगणात उभी गाडी पुरात सापडली आणि पाणी ओसरलं, तर ती चालू करून बघू नका, चार्जिंगला लावू नका, ढकलत शेडमध्ये आणू नका. आत पाणी गेलं असेल तर गंज आणि शॉर्ट हळूहळू तयार होतो आणि आग कित्येक दिवसांनीही लागू शकते. गाडी घर, गोठा, इतर वाहनं यांच्यापासून ५० फूट लांब उघड्यावर राहू द्या, विमा कंपनीला फोटो पाठवा आणि फ्लॅटबेडवरून सर्व्हिस सेंटरला न्या. चाकं रस्त्यावर फिरतील असं ओढून नेऊ नका, कारण चाकं फिरली की मोटर वीज तयार करते.

अवकाळीत गडगडाट सुरू झाला की केबल काढून ठेवा. पुण्याच्या आयआयटीएम संस्थेचं दामिनी अ‍ॅप जवळ पडणाऱ्या विजेचा इशारा देतं; ज्यांच्या घराभोवती मोकळं शेत आहे त्यांनी ते ठेवावं.

रस्त्यावर

पॅक गाडीच्या पोटाला असतो आणि आपले गावठी स्पीड ब्रेकर कुणाच्या मापात बसत नाहीत. पाच माणसं आणि लग्नाचं सामान भरलं की गाडी आणखी दबते. खालून जोराचा घाव बसला तर पुढच्या सुरक्षित जागी थांबा, मीटरवर इशारा आहे का बघा, खाली कूलंट टपकतंय का बघा, वास घ्या. सगळं ठीक वाटलं तरी त्या आठवड्यात गाडी लिफ्टवर चढवून पॅकचं आवरण तपासून घ्या. चेपलेला पॅक आज चालतो आणि नंतर बिघडतो.

पंक्चरवाल्याला जॅक कुठे लावायचा ते आपण दाखवायचं. तो सवयीने मधोमध लावतो, आणि मधोमध बॅटरी असते. डेंटिंगवाल्याकडे वेल्डिंग करायचं असेल तर आधी कंपनीच्या माणसाकडून पॅक वेगळा करून घ्या.

दुचाकीबद्दल चार ओळी

घरात कारसोबत ई-स्कूटर असेल तर माझी जास्त काळजी तिच्याबद्दल आहे. बॅटरी काढून घरात आणली जाते, पलंगाशेजारी रात्रभर चार्ज होते. तसं करू नका. तिच्यासोबत आलेलाच चार्जर वापरा. पॅक फुगला, पडला, भिजला किंवा गल्लीतल्या दुरुस्तीवाल्याने उघडून सेल बदलले, की तो घरात आणायचा नाही. उन्हातून चालवून आणल्यावर अर्धा-पाऊण तास थांबून मग चार्जिंग.

धूर दिसला तर

गाडीखालून पांढरा धूर, फुसफुस आवाज, फटाक्यासारखे टपटप आवाज, थिनरसारखा गोडसर वास: ही लक्षणं दिसली की तपासत बसू नका. तो पांढरा धूर वाफ नसतो. त्यात कार्बन मोनॉक्साइड आणि हायड्रोजन फ्लोराइडसारखे विषारी वायू असतात, शिवाय पेटणारेही.

चालवत असाल तर वाळलेल्या गवतापासून दूर थांबा, गाडी बंद करा, सगळ्यांना उतरवा, सामान सोडा. वारा ज्या बाजूने येतोय त्या बाजूला १०० फूट लांब जा. दार आतून हाताने कसं उघडायचं, विजेचं लॉक अडलं तर कुठली कडी ओढायची, हे घरातल्या प्रत्येकाला आधीच शिकवून ठेवा, मागे बसणाऱ्या आजीलाही.

चार्जिंगला असताना धूर आला तर मेन बोर्ड दूर आणि सुरक्षित असेल तरच तिथून वीज तोडा. गाडीजवळ जाऊन केबल ओढू नका. बंद गॅरेजचं शटर उघडायला जाऊ नका, आत वायू साठलेला असतो.

११२ किंवा १०१ ला फोन करा, राष्ट्रीय महामार्गावर १०३३. पहिलंच वाक्य: "इलेक्ट्रिक गाडी आहे," मग मॉडेल आणि ठिकाण. घरातलं पावडरचं सिलिंडर सॉकेटच्या आगीला कामाचं आहे, तेही मेन बंद करून. पॅकच्या आगीवर ते चालत नाही. पॅकला पाणीच लागतं, विझवण्यापेक्षा थंड करायला, आणि हजारो लिटर लागतं. तालुक्याच्या गावात अग्निशमनचा एकच बंब असेल तर फोन केल्या केल्या पाण्याच्या टँकरवाल्यालाही कळवून ठेवा. पाणी मारण्याचं काम मात्र बंबवाल्यांचं. आपण लोकांना आणि मोबाईलवर शूटिंग करणाऱ्या पोरांना मागे ठेवायचं.

आग विझल्यावरही पॅक काही तासांनी, कधी काही दिवसांनी पुन्हा पेटू शकतो. म्हणून पंचनामा झाला की ती गाडी पोलीस ठाण्याच्या आवारात इतर जप्त वाहनांना खेटून लावू देऊ नका. चारी बाजूंनी ५० फूट मोकळी जागा सोडायला सांगा, आणि हे सांगितल्याची नोंद पंचनाम्यात घ्यायला लावा.